मल्याळम सिनेमातली माणसं इतकी ओळखीची का वाटतात?

मेघना_ठाणे

परवा रात्री सासूबाईंबरोबर 'द ग्रेट इंडियन किचन' बघितला. मी २०२१ मध्ये आला तेव्हाच पाहिला होता, त्यांचा पहिल्यांदा. त्यांना सबटायटल पटापट वाचता येत नाहीत म्हणून मी मध्ये मध्ये सांगत होते, तर अर्ध्या तासात म्हणाल्या, तू गप्प बस, मला सगळं कळतंय. त्यात ते जेवणाचं टेबल आहे ना, सासरा आणि नवरा जेवून उठतात, चावून टाकलेला चोथा तसाच टेबलावर, आणि मग बायका त्याच टेबलावर आपलं ताट घेऊन बसतात. तिथे सासूबाई एकदम बोलल्या, "आमच्याकडे ताटच तेच घ्यायचं. त्यांचं उष्टं. मला शिसारी यायची पण सांगणार कुणाला." माझ्या लग्नाला पंधरा वर्षं झाली, हे त्या मला कधीच बोलल्या नव्हत्या. सिनेमा संपल्यावरही आम्ही दोघी बराच वेळ तशाच बसून होतो.

तर दोन प्रश्न आहेत. मी केरळात कधी गेले नाही, भाषेचा एक शब्द येत नाही, तरी ही घरं आणि माणसं इतकी ओळखीची का वाटतात? आणि दुसरं, हे खरं केरळ आहे का? की आपल्याला लांबून तसं वाटतं? जे तिथे राहिलेत किंवा मूळचे तिकडचे आहेत त्यांनी प्लीज लिहा. नुसतं "भारी सिनेमा" नको, काय खरं दिसलं ते लिहा.

फणसगरे

पहिला प्रश्न सोपा आहे हो ताई, निदान आम्हा कोकणातल्यांना. जांभ्याच्या भिंती, विहीर, परसात फणस, पावसात शेवाळलेली पायरी, उकड्या तांदळाची पेज. त्यांची कंजी, आमची पेज. माझी आई तर कुठलाही मल्याळम सिनेमा लागला की आधी अंगण बघते आणि म्हणते, झाडलंय छान.

कोचीकर_चार_वर्षं

नोकरीनिमित्त चार वर्षं कोचीत काढली, त्यामुळे दुसऱ्या प्रश्नावर थोडं लिहितो.

'कुंबळंगी नाइट्स' (२०१९) ज्या कुंबळंगी गावात घडतो ते कोचीला लागूनच आहे, मी तिथे रविवारी मासे आणायला जायचो. सिनेमात आहे तसं सगळीकडे निळं पाणी चमकत नाही हे आधी सांगतो :) ते कवरं म्हणजे पाण्यातले बारीक जीव असतात, ठरावीक दिवसांत खाडीच्या पाण्यात हात घातला की उजेड दिसतो. मी एकदाच पाहिलं, रात्री अकरा वाजता, डासांनी फोडून काढलं. पण त्या चार भावांचं घर, बिनगिलाव्याच्या भिंती, दाराला दार नाही, तशी घरं मी पाहिलीत. आणि शेजारी नीटनेटकं रंगवलेलं, फुलझाडं लावलेलं घर. सिनेमात खरा धोका त्या नीटनेटक्या घरात आहे. त्या घरचा जावई शम्मी आरशासमोर उभा राहून मिशी कोरतो आणि आरशाला चिकटवलेली टिकली ब्लेडनं खरवडून काढतो, एवढंच करतो तो, पण त्या घरात बाईनं टिकली कुठे लावायची हेही आता तोच ठरवणार हे तिथेच कळतं. संवाद नाही काही नाही. मला केरळातले असे दोन-तीन शम्मी ऑफिसात भेटले आणि प्रामाणिकपणे सांगतो, पुण्यात परत आल्यावरही भेटले.

गंमत म्हणजे मूळ चार भावांतला थोरला साजी, तो कोलमडतो तेव्हा धाकट्याला सांगतो की मला डॉक्टरकडे ने. मनाच्या डॉक्टरकडे. आणि तिथे जाऊन रडतो. आपल्याकडे एखादा पुरुष असं म्हणताना मी सिनेमात बघितला नाही, घरात तर नाहीच.

रात्रपाळी

मेघनाताई, सासूबाईंचं वाचून गलबलून आलं.

निगडीचा_उण्णी

नमस्कार. जन्म, शाळा, कॉलेज सगळं पिंपरी-चिंचवडमध्ये, घरी मल्याळम, बाहेर मराठी. आईवडील पालक्काडचे. तर मूळचे तिकडचे म्हणून हजर आहे.

तुम्हाला जे ओळखीचं वाटतं ते खरं आहे, पण जे निसटतं तेही सांगतो. सबटायटलमध्ये सगळ्यांना 'ब्रदर' किंवा नुसतं नाव असतं. मूळ संवादात एकजण 'चेट्टा' म्हणतो, एकजण 'इक्का' म्हणतो, एकजण 'अच्चाया' म्हणतो. चेट्टा साधारण सगळीकडे चालतं, इक्का म्हणजे मुसलमान घरातला थोरला, अच्चायन म्हणजे कोट्टायमकडचा ख्रिश्चन. आईला अम्मा, उम्मा, अम्मची. म्हणजे पात्र पडद्यावर येऊन एक हाक मारतं, आणि आम्हाला त्याचा धर्म कळतो, बरेचदा जिल्हाही कळतो. त्रिशूरचं हेल काढून बोलणं वेगळं, तिरुवनंतपुरमचं वेगळं, कासरगोडचं तर माझ्या आईलाही धड समजत नाही. 'तोंडिमुदलुम दृक्साक्षियुम' (२०१७) मध्ये चोर सोन्याची साखळी गिळतो आणि सगळे पोलीस ठाण्यात ती बाहेर यायची वाट बघत बसतात. ते जोडपं दक्षिणेतलं, कासरगोडात येऊन राहिलेलं, त्यामुळे तिथलं प्रत्येक बोलणं त्यांना थोडं परकं आहे, तो परकेपणा मराठी प्रेक्षकापर्यंत पोचूच शकत नाही. समजा कोल्हापूरचं नवीन जोडपं सावंतवाडीच्या ठाण्यात बसलंय आणि हवालदार मालवणीत बोलतोय, तसं.

दुसरं म्हणजे मुंडू, तिकडचं लुंगीसारखं नेसायचं वस्त्र. पुरुष मुंडू गुडघ्यापर्यंत दुमडून कमरेला खोचतात, त्याला मडक्की कुत्तणं म्हणतात. मोकळेपणा असेल तेव्हा किंवा हाणामारीची तयारी असेल तेव्हा. वडीलधारं कुणी समोर आलं की हात मागे जातो आणि मुंडू खाली सोडतात. माझे वडील आजही निगडीत बिल्डिंगच्या खाली उभे असताना कुणी मोठं माणूस आलं की असंच करतात. आता पुढच्या सिनेमात बघा, कोण कुणासमोर मुंडू सोडतं आणि कोण मुद्दाम सोडत नाही. अर्धी भांडणं तिथेच सुरू होतात.

फणसगरे

उण्णीभाऊ दंडवत. आता सगळे सिनेमे परत बघावे लागणार, कमरेखाली लक्ष ठेवून.

कोचीकर_चार_वर्षं

@फणसगरे अशक्य हसलो. पण मुंडूचं शंभर टक्के खरं, आमच्या ऑफिसचा शिपाई साहेब आले की चहाचा ट्रे एका हातात धरून दुसऱ्या हातानं सोडायचा.

चिंचपोकळी_स्लो

मी जरा वेगळं मत मांडतो, राग मानू नका. तुम्ही लोक ओटीटीवर निवडून आलेले पंधरा-वीस सिनेमे बघताय आणि त्यावरून सगळा मल्याळम सिनेमा म्हणजे आरसा ठरवताय. त्याच इंडस्ट्रीनं 'देवासुरम' (१९९३), 'आराम तंपुरान' (१९९७), 'नरसिंहम' (२०००) हेही दिले आणि तिथे ते तुफान चालले. मोठा वाडा, मिशीला पीळ, मुंडू झटकत येणारा जमीनदारी थाटाचा हिरो आणि त्याच्यापुढे मान खाली घालणारं गाव. 'नरसिंहम'मध्ये शेवटी हिरो हिरॉइनला जी मागणी घालतो ती ऐका एकदा, दारू पिऊन आल्यावर लाथ मारायला बाई पाहिजे अशा अर्थाचं आहे ते, आणि त्यावर थेटरात शिट्ट्या. तोही केरळचाच रोजचा समाज ना? की तो मोजायचा नाही?

निगडीचा_उण्णी

@चिंचपोकळी_स्लो राग कशाला, बरोबर आहे. ते सिनेमे आमच्या घरी व्हीसीडीवर झिजेपर्यंत पाहिले आहेत. मामा आला की 'नरसिंहम' लागायचा. आणि मला वाटतं आजचे सिनेमे त्या सिनेमांशीच भांडतायत. शम्मी हा त्याच हिरोचा घरात राहायला आलेला भाऊ आहे. 'जय जय जय जय हे' (२०२२) बघा, नवऱ्याला रोज सकाळी इडियप्पमच (तांदळाच्या वाफवलेल्या शेवया) लागतं, रोज, आणि तो हात उचलतो, आणि एक दिवस बायको यूट्यूब बघून शिकलेली लाथ त्यालाच मारते. 'नरसिंहम'ला बावीस वर्षांनी मिळालेलं उत्तर आहे ते. माझ्या आईनं टाळ्या वाजवल्या, मामा उठून गॅलरीत गेला.

मेघना_ठाणे

@चिंचपोकळी_स्लो मुद्दा पटला. म्हणूनच विचारलं होतं खरं केरळ आहे का म्हणून.
'किचन'मध्ये मला सगळ्यात घाबरवणारा तो सासरा वाटला. एकदाही आवाज चढवत नाही. "मोळे" म्हणजे बाळा म्हणून हाक मारतो, भात कुकरमध्ये नको चुलीवर कर, चटणी मिक्सरमध्ये नको, माझे कपडे मशीनमध्ये नको, सगळं गोड बोलून. आरडाओरडा करणाऱ्याशी भांडता तरी येतं.

शारजाहून_देसाई

गल्फचा मुद्दा कुणीच काढला नाही म्हणून लिहितो. मी २००९ ला इथे आलो तेव्हा खोलीत आम्ही सहा जण, चार मल्याळी, एक हैदराबादी, एक मी वेंगुर्ल्याचा. मल्याळी सिनेमा मी त्या खोलीत शिकलो, गुरुवारी रात्री लॅपटॉपवर. 'नाडोडिक्काट्टु' (१९८७) लागला की सगळे आडवे होऊन हसायचे. दोन बेकार पोरांना दुबईला नेतो म्हणून बोटीत घालतात आणि मद्रासच्या किनाऱ्यावर उतरवतात, आणि ते बिचारे अरबी पोशाख घालून फिरतात. हसता हसता एक जण म्हणायचा, माझ्या वडिलांच्या गावचा एक जण खरंच असा फसला होता. मग खोलीत एकदम सामसूम.

नंतर २०१५ मध्ये 'पत्तेमारी' आला. मामुटीचा नारायणन साठच्या दशकात लाकडी गलबतातून लपून इकडे येतो, खोर फक्कानच्या किनाऱ्याजवळ त्यांना पाण्यात उतरायला सांगतात, पोहून जा म्हणून. खोर फक्कान माझ्या घरापासून दीड तासावर आहे, मुलं सुट्टीच्या दिवशी तिथे पोहायला नेतो. सिनेमा पाहिल्यावर पुढच्या वेळी पाण्यात उतरलो नाही मी, किनाऱ्यावरच बसलो. तो माणूस आयुष्यभर पैसे पाठवतो, सगळ्यांची लग्नं करतो, घर बांधतो, आणि त्या घरात त्याला राहायला मिळत नाही. सुट्टीवर घरी जातो तेव्हा सगळ्यांचं लक्ष पेटीकडे. आमच्या खोलीत पण खोका बांधायचं एक शास्त्र होतं, टँगचा डबा, निव्हिया, टायगर बाम, मधल्या फटीत कपडे कोंबायचे आणि वरून नायलॉनची दोरी आडवी-उभी, मग मार्करनं नाव. एकानं खोका बांधला की दुसरा त्यावर उभा राहून बघायचा दबतो का. माझ्या चौघांपैकी एकजण अजून इथेच आहे, गावी तीन मजली घर आहे त्याचं, वर्षातून तीस दिवस राहतो.

फणसगरे

@देसाई, पत्तेमारी म्हणजे आपली फत्तेमारी! आजोबा सांगायचे फत्तेमारीतून कौलं आणि नारळ यायचे म्हणून. तोच शब्द. पूर्ण किनारपट्टीवर एकच गलबत आणि एकच शब्द फिरत होता तर.
आणि घराबद्दल म्हणाल तर आमच्याकडे चाकरमानी, तुमच्याकडे गल्फवाले. मनीऑर्डर मुंबईहून यायची एवढाच फरक. गावात घर मोठं, कुलूप मोठं.

निळी_शाई

सगळे प्रतिसाद वाचले, छान चाललंय. पण "ओळखीचं वाटतं" हे कुणाला, हाही प्रश्न आहे.

मल्याळममधला पहिला सिनेमा जे. सी. डॅनियल यांचा 'विगतकुमारन'. मूकपट. त्याची नायिका पी. के. रोझी, दलित समाजातली, गवत कापून पोट भरणारी. तिनं पडद्यावर नायर बाईची भूमिका केली म्हणून तिरुवनंतपुरमला थेटरात गोंधळ झाला, पडद्यावर दगड आले, तिच्यावर हल्ले झाले आणि तिला गाव सोडून तमिळनाडूत पळून जावं लागलं. पुन्हा तिनं कधी काम केलं नाही. सिनेमाची प्रिंटही शिल्लक नाही. केरळचा सगळ्यात मोठा सिनेपुरस्कार डॅनियलच्या नावानं आहे, आपल्याकडे फाळक्यांच्या नावानं आहे तसा. फाळक्यांना १९१३ मध्ये तारामतीसाठी बाई मिळाली नाही म्हणून साळुंके नावाच्या पुरुषानं साडी नेसली हे आपण शाळेत शिकतो. तिकडे बाई मिळाली, तिनं उत्तम काम केलं असणार, आणि तिला हाकलून दिलं.

म्हणून मला विचाराल तर वाड्यांतलं, चुलीपुढचं केरळ फार सुंदर दाखवतात पण ते मुख्यतः सवर्ण आणि सुखवस्तू ख्रिश्चन घरांचं केरळ आहे. 'कम्मट्टिपाडम' (२०१६) बघा. आज जिथे कोचीच्या उंच इमारती आहेत तिथे दलदल आणि शेतं होती, तिथली दलित पोरं गुंड म्हणून वापरली गेली, त्यांनीच आपल्या माणसांना हुसकावलं आणि शेवटी तेही त्याच मातीखाली गेले. विनायकनला त्यातल्या गंगासाठी राज्य पुरस्कार मिळाला. मी तो सिनेमा नांदेडला हॉस्टेलच्या खोलीत पाहिला आणि मला 'फँड्री'तला दगड आठवला. मला ओळखीचं वाटलं ते हे.

कोचीकर_चार_वर्षं

@निळी_शाई तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. मी चार वर्षं त्याच इमारतींपैकी एकीत नवव्या मजल्यावर राहिलो, खाली पूर्वी काय होतं हे कधी विचारलंही नाही.

वसईचा_डाबरे_नाही

थोडं अवांतर वाटेल पण नाही. आम्ही वसईचे ख्रिस्ती, घरी सामवेदी बोलतो. सिनेमात ख्रिश्चन म्हटलं की वर्षानुवर्षं गिटार, बाटली आणि "अरे मॅन". 'ई मा यौ' (२०१८) बघितला तेव्हा पहिल्यांदा वाटलं की कुणीतरी आमच्या आळीत कॅमेरा लावलाय. चेल्लानम म्हणून कोचीजवळचं कोळ्यांचं गाव, लॅटिन कॅथलिक लोक, पोर्तुगीज तिकडेही होते आणि इकडेही. नावच बघा, ईशो मरियम यौसेप्प, येशू मरिया जोसेफ, मरणाऱ्याच्या कानात म्हणतात ती प्रार्थना. म्हातारा बाप दारूच्या तारेत मुलाला म्हणतो माझं मयत थाटात व्हायला पाहिजे, बँड पाहिजे, मुलगा हो म्हणतो, आणि बाप त्याच रात्री जातो. मग सुरू होतं. शवपेटी कुठली घ्यायची, उधारी कुठून आणायची, बायकोचं सोनं, शेजाऱ्यांच्या कुजबुजी, पाऊस थांबत नाही, फादरला संशय येतो. मयताच्या घरात कोण रडतं, कोण चहा करतं आणि कोण कोपऱ्यात बसून कुणाचं काय चुकलं ते मोजतं, हे इतकं बरोबर पकडलंय की माझ्या आजोबांच्या वेळचा अख्खा दिवस डोळ्यांसमोर आला. तेव्हाही पेटीचं माप चुकलं होतं. घरातलं कुणी आजवर त्यावर बोलत नाही.

शेवट सांगत नाही, बघा.

(आडनाव डाबरे नाही, सगळे विचारतात म्हणून आयडी असा.)

विटेकर

आता आमचं ऐका. खानापूर-विट्याकडची आमची गलाईवाल्यांची माणसं भारतभर सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात आहेत हे बऱ्याच जणांना माहीत असेल. माझे थोरले काका तीस वर्षं त्रिशूरला. काकू आमची अशी मल्याळम बोलते की ऐकत राहावं, आणि रागावली की अस्सल खानापुरी. सुट्टीत जायचो तेव्हा काका दुकानात बसवायचे. तिकडे तोळं नाही, पवन. आठ ग्रॅमचं एक पवन. लग्न ठरलं की पहिला प्रश्न किती पवन.

गेल्या वर्षी 'पोनमान' (२०२५) पाहिला आणि काकांना फोन लावला. त्यात सराफाचा माणूस लग्नाला उसनं सोनं देतो. लग्नात पाहुणे जे पैशांचं पाकीट देतात त्यातून सोन्याचे पैसे फेडायचे, उरलेलं सोनं परत. लग्नाच्या रात्री पैसे कमी जमले, आणि सोनं तर नवरीच्या अंगावर सासरी निघालं. हा एकटा माणूस ते परत आणायला तिच्या मागोमाग त्या बेटावरच्या घरी जातो. कोल्लमची बाजू आहे, सगळीकडे पाणी. काका म्हणाले, सिनेमात दाखवलं ते थोडंच आहे, मुलीचा बाप भट्टीसमोर येऊन उभा राहायचा, जुनं मोडायला आणलेलं सोनं वितळताना बघत राहायचा, मी त्याला पाणी द्यायचो, तो प्यायचा नाही. एवढं बोलून फोनवर गप्प झाले. काका तसे कधी गप्प बसत नाहीत.

हुंडा त्यांच्याकडे आहे आणि आपल्याकडे नाही असं कुणी म्हणू नका म्हणजे झालं.

निगडीचा_उण्णी

@विटेकर त्रिशूरला गलाईवाले मराठी लोक आहेत हे मला ठाऊक होतं, माझी मावशी "सेट्टू" म्हणायची त्यांना, पण इथे भेटतील असं वाटलं नव्हतं! काकूंना नमस्कार सांगा.

एकपडदा

"का" या प्रश्नावर कुणीच नीट आलं नाही म्हणून जुना माणूस म्हणून लिहितो.

एक, साहित्य. 'चेम्मीन' (१९६५) तकळींच्या कादंबरीवरचा, दक्षिणेतला राष्ट्रपती सुवर्णपदक मिळवणारा पहिला सिनेमा. एम. टी. वासुदेवन नायर स्वतः लेखक आणि स्वतः 'निर्माल्यम' (१९७३) काढतात. लेखकाचा मान पहिल्यापासून आहे. आजही लोक पटकथाकार श्याम पुष्करनचा सिनेमा म्हणतात, आपल्याकडे पटकथा कुणाची हे किती जणांना सांगता येईल?

दोन, फिल्म सोसायट्या. १९६५ मध्ये तिरुवनंतपुरमला अडूर गोपालकृष्णन आणि मंडळींनी 'चित्रलेखा' काढली आणि मग ती लाट गावोगाव गेली. आणि अडूर कुठून शिकून गेले होते? आपल्या पुण्याच्या लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून! जॉन अब्राहम (तो हिंदीतला नट नव्हे), के. जी. जॉर्ज, शाजी करुण, सगळे पुण्याच्या इन्स्टिट्यूटचे. 'कम्मट्टिपाडम'चा राजीव रवीसुद्धा. जॉननं १९८६ चा 'अम्मा अरियान' लोकांकडून पैसे गोळा करून केला, गावोगाव सिनेमे दाखवायचे आणि डबा फिरवायचा. पुण्यात शिकले, आपल्या टपऱ्यांवर चहा प्यायले, आणि तिकडे जाऊन त्यांनी आपापल्या गावाकडे कॅमेरा वळवला. आमच्या पुण्यातल्या मराठी सिनेमावाल्यांनी त्या भिंतीच्या आत किती वेळा डोकावलं हा माझा जुना सल आहे.

तीन, वाचनालय आणि चहाचं दुकान. तिथे माणूस पेपर वाचतो आणि मोठ्यानं वाचतो. त्यामुळे सिनेमात चहाच्या दुकानात राजकारण आलं तर ते घुसडलेलं वाटत नाही.

निगडीचा_उण्णी

@एकपडदा काका, चहाच्या दुकानावरून 'संदेशम' (१९९१) आठवलाच पाहिजे. दोन भाऊ, दोन पक्ष, एकाच घरात, आणि बाप डोक्याला हात लावून. वाद चालू असताना एक भाऊ ओरडतो की पोलंडबद्दल एक अक्षर बोलायचं नाही! केरळच्या एका घरात पोलंड. आमच्या घरी अजून कुणी वादात हरायला लागलं की दुसरा म्हणतो, बस, आता पोलंड नको.

फणसगरे

"पोलंड नको" आजपासून आमच्या घरी लागू.

रात्रपाळी

मी पुण्यात एका हॉस्पिटलात फार्मसीत आहे, रात्रपाळी. आमच्याकडे निम्म्या सिस्टर केरळच्या. कोट्टायम, पत्तनमतिट्टा ही नावं मला नकाशात दाखवता येणार नाहीत पण कुणाचं घर कुठे ते पाठ आहे. त्यातल्या एकीनं 'टेक ऑफ' (२०१७) बघ म्हणून सांगितलं, २०१४ मध्ये इराकमध्ये तिक्रीतला ज्या नर्सेस अडकल्या होत्या त्यावरचा. ती म्हणाली लोक विचारतात युद्ध चालू असलेल्या देशात गेल्याच कशाला, पण सिनेमात सुरुवातीलाच दाखवलंय कशाला, शिक्षणाचं कर्ज.

आणि पायल कपाडियाचा 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट' तर आपलाच आहे, २०२४ ला कान चित्रपट महोत्सवात ग्राँ प्री मिळालं. मुंबईतल्या दोन मल्याळी नर्स आणि हॉस्पिटलमध्ये स्वयंपाक करणारी पार्वती, आपली छाया कदम. पार्वती वीस-बावीस वर्षं राहते त्या खोलीचे कागद नाहीत म्हणून बिल्डर तिला काढतो आणि ती रत्नागिरीकडे गावी परत जाते. त्या दोन नर्सपैकी प्रभाचा नवरा जर्मनीत, वर्षभर फोन नाही, आणि एक दिवस पार्सल येतं, लाल रंगाचा राइस कुकर. चिठ्ठी नाही काही नाही. रात्री ती जमिनीवर बसून त्या कुकरला मिठी मारते. मी हे आमच्या सिस्टरला सांगितलं तर ती म्हणाली, माझ्याकडे मिक्सर आलेला. पुढे काही बोलली नाही, औषधांची यादी घेऊन गेली.

चिंचपोकळी_स्लो

छान लिहिताय सगळे. पण हेमा कमिटी विसरून कसं चालेल? २०१७ मध्ये एका नटीला गाडीत पळवून अत्याचार झाला, त्यानंतर तिथल्या सिनेमातल्या बायकांनी डब्ल्यूसीसी (विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह) ही संघटना काढली, सरकारनं न्यायमूर्ती हेमांची समिती नेमली. अहवाल ३१ डिसेंबर २०१९ ला दिला आणि लोकांसमोर आला १९ ऑगस्ट २०२४ ला. साडेचार वर्षांहून जास्त. त्यात इतर भयंकर गोष्टी आहेतच, पण सेटवर बायकांना संडासची सोय नसते म्हणून त्या पाणीच पीत नाहीत हेही आहे. स्वयंपाकघरातल्या मोरीचा इतका बारकाईनं सिनेमा करणाऱ्या राज्यात हे.

निळी_शाई

@चिंचपोकळी_स्लो सहमत. फक्त एक, त्या बायका बोलल्या. कामं गेली तरी बोलल्या. नटी पार्वती तिरुवोतूनं २०१७ मध्ये 'कसबा' सिनेमातल्या बाईला दिलेल्या वागणुकीवर जाहीर टीका केली तेव्हा केवढं ट्रोलिंग झालं. तिनंच पुढे 'उळ्ळोळुक्कु' (२०२४) केला, कुट्टनाडात पुराचं पाणी घरात, मयत पुरता येत नाही आणि सासू-सून एका छपराखाली अडकलेल्या. रोझीला पळून जावं लागलं होतं. या गेल्या नाहीत.

विटेकर

सासू-सून म्हटल्यावर मेघनाताई पुढचा सिनेमा ठरला की तुमचा.

कोचीकर_चार_वर्षं

'दृश्यम' राहिला. २०१३ चा मूळ इडुक्कीतल्या केबलवाल्या जॉर्जकुट्टीचा, २०१५ ला दिवंगत निशिकांत कामतांनी गोव्यात विजय साळगावकर केला. आपला माणूस, चांगलाच केला. पण मूळ सिनेमात पहिला तासभर नुसतं घर चालतं, चहाच्या दुकानात हिशोब आणि गप्पा, जॉर्जकुट्टीचा चिकटपणा, पोरींचे हट्ट. मित्र कंटाळून म्हणाला काही घडत का नाही. पुढे जे घडतं ते त्या तासामुळेच लागतं ना.

मेघना_ठाणे

किती लिहिलंत सगळ्यांनी. प्रिंट काढून सासूबाईंना वाचून दाखवलं, विटेकरांच्या काकांचं आणि रात्रपाळीच्या सिस्टरचं दोनदा वाचायला लावलं. निळी_शाई, तुमचा प्रतिसाद वाचून त्या म्हणाल्या, त्या मुलीचा फोटो असेल तर दाखव. तिचा म्हणून खात्रीनं सांगता येईल असा फोटो मला काही सापडला नाही.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मला आमच्याच बिल्डिंगमध्ये मिळालं. चौथ्या मजल्यावर पालक्काडच्या एक चेची (म्हणजे ताई) आहेत, साठीच्या. अकरा वर्षं लिफ्टमध्ये हसण्यापलीकडे ओळख नाही. सासूबाई रविवारी डाळिंब्यांची उसळ घेऊन वर गेल्या आणि थेट विचारलं, तुम्ही तो किचनवाला बघितला का. त्यांचं हिंदी बेताचं, ह्यांचंही. चेची म्हणाल्या, बघितला, पण अर्धाच, सिंकखालचा पाइप गळतो तिथे बंद केला. त्यात ती बायको रोज नवऱ्याला सांगते प्लंबरला बोलव म्हणून आणि तो रोज विसरतो. चेचींनी सासूबाईंना हात धरून आत नेलं आणि स्वतःच्या सिंकखालचं दार उघडून दाखवलं. बादली होती. नऊ महिन्यांपासून.

काल संध्याकाळी बेल वाजली. चेची स्वतः खाली आल्या होत्या, आमचा उसळीचा डबा परत द्यायला, आत इडियप्पम आणि वर नारळाचं दूध. सासूबाईंना म्हणाल्या, प्लंबर आला होता, मीच फोन केला.